अकुआ बिरागोचा कबुलीजबाब

बिरागोताईला पहिल्यांदा चेटकीण बनवलं ते मीच.

त्या वेळी मी कुमासी शहरात बांतामा भागाच्या बाजूला नवऱ्यामुलींचे केस बांधायची, तोंडं रंगवायची. आमच्या त्वी भाषेतल्या सिनेमांची नुकतीच लाट आली होती. चार दिवसांत एक सिनेमा. कुणाच्या तरी घराचं अंगण मागून घ्यायचं. सकाळी दिग्दर्शक सगळ्यांना गोळा करून गोष्ट सांगायचा, कोण कुणाची सून, कोण कुणाच्या मुळावर उठलंय. मग कॅमेरा चालू, आणि ज्यानं त्यानं तोंडाला येईल ते बोलायचं. लिहिलेला कागद कुणी कधी पाहिला नाही.

त्या दिवशी चेटकिणीचं काम करणारी बाई आलीच नाही. बोआची, म्हणजे आमचा दिग्दर्शक, डोक्याला हात लावून फाटकात उभा राहिला होता. समोर रस्त्याच्या कडेला एक बाई केळी भाजत बसली होती. उंच, हडकुळी, गालफडं आत गेलेली, डाव्या डोळ्यात फूल पडलेलं. गिऱ्हाइकाशी काहीतरी बोलून ती हसली. विहिरीच्या तळातून यावा असा आवाज.

"फ्रेमा, ती बाई घेऊन ये," बोआची मला म्हणाला.

मी जाऊन विचारलं. ती म्हणाली, "माझी केळी जळतील."

"आम्ही सगळी खाऊ."

"मग चल. जळकी पण खावी लागतील, आधीच सांगते."

मी तिच्या गालांवर काजळी चोळली, कपाळाला पांढरी माती फासली, ओठांच्या कडेला लाल पाम तेल लावलं. तिनं आरशात पाहिलं आणि म्हणाली, "अगं, ही तर माझी सासू!" सगळे खो खो हसले. मग कॅमेरा चालू झाला, ती अंगणातल्या बाळाच्या झोळीकडे वळली आणि नुसती बघत राहिली. हसणारे गप्प झाले. बाळाची खरी आई धावत येऊन बाळ उचलून घेऊन गेली. तिला वाटलंसुद्धा नाही की आपण चित्रीकरण मोडतोय. बोआचीनं तो तुकडा तसाच ठेवला.

तिचं पूर्ण नाव अकुआ बिरागो. तेव्हा तिची पंचेचाळिशी उलटली होती. नवऱ्यानं दुसरीकडे संसार थाटला होता, घरात मूल नव्हतं. पुढच्या बारा-तेरा वर्षांत तिनं साठाच्या वर सिनेमे केले आणि एकातही तिला माणसाचं काम मिळालं नाही. नायिका बदलत गेल्या, नायक जाडे झाले, काही परदेशात गेले. चेटकीण तीच. पहिल्या अर्ध्या तासात घरात शिरायची, मुलं खायची, सुनांची कूस बांधायची, आणि शेवटी प्रार्थनेच्या मांडवात पास्टरच्या पायाशी लोळत सगळं कबूल करून मरायची. लोक सिनेमाच्या तबकड्या घ्यायला दुकानात जायचे तेव्हा नायिकेचं नाव विचारत नसत. "म्हातारी आहे ना यात?" एवढंच विचारत.

रस्त्यानं जाताना रिक्षावाले ओरडायचे, "ए म्हातारे, आमच्या सासूला घेऊन जा की!"

ती उलट ओरडायची, "तुझ्या सासूला मी घाबरते रे! तिनंच तर मला शिकवलं!"

हे सुरुवातीचं. तेव्हा हसणं खरं होतं. नंतर नंतर बाजारात टोमॅटोवाली तिच्या पिशवीत न मोजता टोमॅटो टाकायला लागली आणि तिच्या हातातून पैसे घेईना. "तिथं ठेवा, फळीवर ठेवा." चर्चच्या गाण्याच्या मंडळात ती वीस वर्षं गात होती. तिथल्या बाकावर तिच्या दोन्ही बाजूंना जागा सुटायला लागली. एका रविवारी मंडळाची प्रमुख म्हणाली, "अकुआबाई, तुमचा आवाज आता जरा खाली गेलाय. मागं बसता का?" ती मागं बसली. मग कधीतरी जायची बंद झाली. मला म्हणाली, "देवाला घरून पण ऐकू येतं. त्याला कुठं डोळ्यात फूल पडलंय."

तो कबुलीजबाब चित्रित झाला त्या दिवशी मी तिथं होते. सिनेमाचं नाव सांगत नाही, त्या माणसांची पोटं अजून त्यावर आहेत. सुआमे वस्तीच्या मागं एका शाळेच्या पटांगणात मांडव घातला होता. संध्याकाळ व्हायच्या आत शेवटचा प्रवेश उरकायचा होता. पास्टर झालेला नट घसा फोडून ओरडत होता, आणि बिरागोताईला रडू येत नव्हतं. तीनदा घेतलं, तीनदा कोरडं गेलं.

"फ्रेमा, मलम लाव हिच्या डोळ्यांना," बोआची ओरडला. झोंबरं मलम पापणीखाली लावलं की पाणी येतं. मी डबी घेऊन गेले तर तिनं माझा हात बाजूला केला.

"नको. थोडं थांबा."

ती दोन मिनिटं मातीत बसून राहिली. मग मान हलवली. कॅमेरा चालू झाला.

"मी खाल्ली," ती म्हणाली. ओरडून नाही. शेजारणीला सांगावं तसं. "पहिला क्वाकू दुआ. त्याला दात यायचे होते. मग अबेना पोमा. तिच्या पायांत कळा यायच्या, ती माझ्याकडे हात करायची आणि मी बघत बसायची. तिसऱ्याचं नाव मी सुमिना ठेवलं. सुमिना. तरी वाचला नाही. माझ्याच पोटचे तिघं. माझ्याच रक्तानं खाल्ले."

आमच्यात सुमिना म्हणजे उकिरडा. ज्या बाईची मुलं जगत नाहीत ती पुढच्या मुलाला असलं घाणेरडं नाव ठेवते, म्हणजे मृत्यू नाक मुरडून पुढं जातो. मांडवातल्या जमवलेल्या बायका खरोखर रडायला लागल्या. पास्टर आपलं बोलणं विसरला. बोआचीनं कॅमेरा थांबवायला सांगितलं तेव्हा प्रवेश संपून बराच वेळ झाला होता.

तिचं तोंड पुसताना मी हळूच विचारलं, "ताई, ती नावं?"

"माझीच पोरं."

ती सांगत गेली. तिघंही पाच वर्षांच्या आत गेले. हातापायांच्या कळा, पिवळे डोळे, ताप. तिसरा गेल्यावर मोठ्या इस्पितळातल्या डॉक्टरनं तिचं आणि नवऱ्याचं रक्त तपासलं आणि सांगितलं, सिकलसेल. तुमच्या दोघांच्याही रक्तात अर्धं अर्धं आहे, पोरांत पुरं उतरतं. "म्हणून म्हटलं, माझ्याच रक्तानं खाल्ले. खोटं काय बोलले?"

"बोआचीला सांगून नावं बदलून घेऊ या," मी म्हटलं. "वरून दुसरा आवाज टाकता येतो."

"राहू दे." तिनं कापसाचा बोळा माझ्या हातातून घेतला आणि स्वतःच कपाळ पुसलं. "एवढ्या लहान पोरांसाठी आपल्यात कुणी काळं नेसत नाही. अंत्यविधी नाही, काही नाही. म्हणतात रडू नका, पाहुणा होता, गेला. माझ्यानंतर त्यांची नावं घेणारं कोण आहे? तबकडीत तरी राहतील."

मी मलमाची डबी बंद केली. त्या दिवशी हट्ट धरला असता तर, हे मी अजून मनाशी म्हणते.

पुढं तबकड्यांचा धंदा बसला. दूरदर्शनवर परदेशी मालिका आमच्याच भाषेत बोलायला लागल्या, आमची अंगणं ओस पडली. मी परत नवऱ्यामुलींकडे वळले. ताई परत केळी भाजायला बसली, पण तिच्या हातचं कोण खाणार? शेवटी ती माझ्याकडे राहायला आली. ती आत बसून केळी सोलायची आणि माझी मुलगी बाहेर बसून भाजायची. गिऱ्हाइकांना पत्ता नव्हता.

आणि मग ती चार मिनिटं फोनवर आली. नुसता कबुलीजबाब. सिनेमाचं नाव कापलेलं, पास्टरचा तोंडवळा कापलेला, आधीचं नाही, नंतरचं नाही. वरून कुणाचा तरी आवाज बसवला होता: "ऐका, तिच्याच तोंडून ऐका. तुमच्या घरात कोण बसलंय ते ओळखा." माझ्या मुलीला तो तुकडा तिच्या शिवणाच्या वर्गातल्या बाईनं पाठवला. तिला त्यांच्या प्रार्थनेच्या गटातून आला होता. मी ताईला दाखवला. तिनं पूर्ण पाहिला.

"चांगलं केलं होतं गं मी," ती म्हणाली. मग थोड्या वेळानं, "आसुमेंसोला गेला असेल का हा?"

आसुमेंसो तिचं गाव. तिथं तिच्या आईकडच्या कुळाचं मोठं घर होतं. आमच्यात मूल आईच्या कुळाचं. घर, जमीन, मरण, सगळं त्या कुळाचं. ताईची धाकटी बहीण मरून गेली होती. तिची मुलगी दुफी आणि मुलगा अजेकुम तिथंच राहायचे. दुफीला दोन मुली. अजेकुम गावातून मोठ्या रस्त्यापर्यंत माणसांची गाडी चालवायचा. कुळाचा प्रमुख म्हणजे ताईचा चुलत मामा, ओपोकु. ऐंशीचा म्हातारा, सगळे त्याला मामाच म्हणायचे.

त्या वर्षी ईस्टरला ताई गावी गेली होती. परत आली ती विचारात. दुफीची थोरली, सेरवा, सात वर्षांची. तिचे डोळे पिवळे दिसले. सांधे सुजलेले. ताईनं दुफीला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "हिचं रक्त तपासून आण. आपल्या घराण्यात आहे ते. वेळ घालवू नकोस." दुफी हो म्हणाली होती. पण गावाबाहेरच्या प्रार्थनेच्या तळावर आधी नेऊ, मग बघू, असं तिच्या नवऱ्याचं मत पडलं.

ऑगस्टमध्ये सेरवा गेली. ताईला कुणी कळवलं नाही. तीन आठवड्यांनी अजेकुमचा फोन आला. तो लहानपणी ताईच्याच हातचं खाऊन वाढलेला. फोनवर त्यानं कशी आहेस विचारलं नाही.

"मावशी, मामा बोलावतायत. शनिवारी ये."

"सेरवा कशी आहे रे?"

"ये म्हणजे कळेल," म्हणाला आणि फोन ठेवला.

मी म्हटलं, जाऊ नकोस. ती म्हणाली, "कुळानं बोलावलं आणि गेले नाही, तर तेच धरून बसतील." सेरवा गेली हे ती ओळखून होती; काळं कापड नेसली, डोक्याला काळा रुमाल बांधला. मी बरोबर निघाले.

सकाळच्या गाडीत आम्ही तिसऱ्या ओळीत बसलो. त्या ओळीत चौघं बसतात. गाडी भरत गेली, मागची ओळ भरली, दारातही माणूस लटकला, पण आमच्या शेजारच्या दोन जागा रिकाम्याच. ड्रायव्हर आरशातून बघत होता. एका बाईनं आपल्या पोराचं डोकं कापडाखाली झाकून घेतलं. कुणी एक शब्द बोललं नाही. एरवी आमच्या गाडीत कान किटतात, कोण औषध विकतो, कोण देवाचं सांगतो. दीड तास नुसती इंजिनाची घरघर.

गावात उतरलो. थांब्यावरच्या बायकांनी तोंड फिरवलं. घराच्या अंगणात शिरलो तर चाळीस-पन्नास माणसं आधीच बसलेली. आमच्यात पाहुणा आला की आधी खुर्ची, मग पाणी, पाणी पिऊन झालं की मग विचारायचं, काय निमित्तानं येणं केलं. शत्रू आला तरी पाणी देतात. दोन खुर्च्या मांडल्या होत्या. आम्ही बसलो. पाणी आलं नाही.

मी ताईच्या गुडघ्यावर हात ठेवला.

ओपोकुमामाच्या शेजारी पांढऱ्या शर्टातला एक माणूस बसला होता. तोच प्रार्थनेच्या तळाचा प्रमुख. दुफी एका कोपऱ्यात जमिनीवर, सुतकामुळे डोकं भादरलेलं.

मामा म्हणाले, "अकुआ, म्हण आहे, चावणारा किडा आपल्याच कापडात असतो. आम्ही बाहेर शोधत होतो." त्यांनी अजेकुमकडे मान वळवली.

अजेकुमनं फोन काढून स्पीकरला जोडला. भर अंगणात तिचा तो आवाज आला. मी खाल्ली. पहिला क्वाकू दुआ. म्हाताऱ्या बायका प्रत्येक नावाला तोंडावर हात नेत होत्या. सुमिना म्हटल्यावर एक जण उठून उभी राहिली. "हिच्याच पोराचं नाव! मी होते बारशाला! गावात दुसरा सुमिना नाही!"

"तो सिनेमा आहे," मी ओरडले. "मी होते तिथं. मी तोंड रंगवलंय तिचं!"

"तुला कुणी विचारलं नाही, बाई," मामा म्हणाले.

ताई उभी राहिली. "मामा, मी नटी आहे. मला रडू येत नव्हतं, म्हणून मी माझ्या पोरांना आठवलं. एवढंच."

अजेकुमनं मान वर केली. त्याच्या आवाजात राग नव्हता, त्याचंच मला जास्त भय वाटलं. "मावशी, ती नावं घ्यायला तुला कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही."

"कुणी लिहून दिलं होतं?"

"आम्हाला कुणी लिहून देत नाही. तुला माहितेय."

"तूच सांगायचीस. आम्ही मनातलंच बोलतो, म्हणायचीस."

मग कोपऱ्यातून दुफी बोलली. तिच्याकडे कुणाचं लक्षही नव्हतं.

"मावशी, तुला आधीच कसं कळलं? ईस्टरला तू तिच्याकडे बघितलंस आणि म्हणालीस, वेळ घालवू नकोस. कसं कळलं तुला?"

"दुफी, बाळा, माझ्या तिघांना तेच होतं. रक्तातला आजार आहे तो. तुझ्या आईत होता, माझ्यात आहे, तुझ्यात..."

"बघा," पांढऱ्या शर्टवाला पहिल्यांदा बोलला. अगदी मायेनं. "स्वतःच म्हणतेय, माझ्यात आहे. आई, घाबरू नका. तुम्हाला मारायला कुणी बसलेलं नाही. इथं सर्वांसमोर एकदा नीट कबूल करा. आम्ही डोकं भादरू, औषध देऊ, तीन आठवडे आमच्याकडे राहा. स्वच्छ होऊन घरी या. कूळ तुमचंच आहे."

मी तिच्या कानाशी लागले. "ताई, कर. साठ वेळा केलंयस. लोळ, रड, त्याचे पाय धर. संध्याकाळपर्यंत आपण घरी असू."

तिनं माझ्याकडे पाहिलं. तिला राग आला नव्हता. थकली होती. "आणि उद्या दुफीच्या धाकटीला ताप आला तर?" ती म्हणाली. "मग हे रक्त कुणीच तपासायचं नाही. सगळे म्हणतील, झालं, सापडली होती ती."

ती अंगणाच्या मध्यावर गेली. हात मागं बांधले. सिनेमात ती कधी अशी उभी राहिली नव्हती.

"क्वाकू दुआ सात महिन्यांचा होऊन गेला," ती म्हणाली. "अबेना पोमा चार वर्षांची. सुमिना दीड. मी त्यांना खाल्लं नाही. मला ती हवी होती. तिघांच्या वेळी या घरात कुणी रडू दिलं नाही मला. आज रडले तर तुम्ही म्हणाल कबूल केलं. म्हणून रडत नाही. दुफी, धाकटीचं रक्त तपास."

पुढचं फार भराभर झालं. कुणीतरी तिच्या डोक्याचा रुमाल ओढला. एक चप्पल आली, मग वीट. वीट माझ्या मनगटाला लागली, ते हाड अजून पावसात दुखतं. पोरसवदा माणसं फाटक लावायला धावली. मामा खुर्चीत बसून होते, हात मांडीवर. त्यांनी थांबा म्हटलं नाही, मारा पण म्हटलं नाही.

तेवढ्यात हॉर्न वाजला. अजेकुमनं कधी उठून गाडी आणली कुणाला कळलं नाही. त्यानं ती सरळ फाटकात घातली, उतरला, मावशीच्या दंडाला धरून तिला आत ढकललं. मी मागून चढले. काचेवर दगड बसत होते, त्याची स्वतःचीच गाडी, आणि तो काही न बोलता मागं घेत होता.

मोठ्या रस्त्यावर त्यानं आम्हाला उतरवलं. ताई त्याच्या गालाला हात लावायला गेली, तर तो मागं सरला.

"अजेकुम, तुला वाटतं मी केलं?"

तो रस्त्याकडे बघत म्हणाला, "मला माहीत नाही मावशी. पुन्हा येऊ नकोस. पुढच्या वेळी मी गाडी काढणार नाही."

त्यानंतर ती दोन वर्षं जगली. बोआची एकदा येऊन गेला. फोनसाठी लहान सिनेमे करत होता. म्हणाला, म्हातारी पुन्हा आणू, लोक अजून तिच्याबद्दल विचारतात. ताई म्हणाली, आजीचं काम दे. नातवंडांना गोष्टी सांगणारी. बोआची तिच्या तोंडाकडे बघत राहिला आणि खरं तेच बोलला, "ताई, तुझ्या मांडीवर पोर दिसलं की लोक फोन बंद करतील." ती हसली. ते पूर्वीचं हसू नव्हतं.

एका मंगळवारी सकाळी केळी सोलता सोलता ती कलंडली. मेंदूत रक्तस्राव, डॉक्टर म्हणाले. तिसऱ्या दिवशी गेली. मी आसुमेंसोला निरोप धाडला. आमच्यात मेलेल्या माणसावर हक्क कुळाचा, त्यांनी हो म्हटल्याशिवाय कुणाला पुरता येत नाही. सहा आठवडे प्रेत शीतगृहात राहिलं. शेवटी मामांकडून उत्तर आलं: ती आमची नाही. शहरानं तिला केलं, शहरानं पुरावं.

आम्ही पुरलं. जुने नट आले, बोआची आला, लाल-काळं नेसून सगळे बसलो. अंत्यविधीच्या पोस्टरवर बोआचीला तिचा सिनेमातला फोटो हवा होता, लोक ओळखतील म्हणून. मी भांडले. मी माझ्या अंगणात काढलेला, बिनरंगाच्या तोंडाचा फोटो लावला. गल्लीतले लोक पोस्टरपाशी थांबून विचारायचे, "ही कोण बाई? चांगल्या घरची दिसते."

दोन महिन्यांनी दुपारी माझ्या दारात दुफी उभी. पाठीला बांधलेली धाकटी, पोकुआ, चार वर्षांची. मी दार अर्धंच उघडलं.

"आत घे," ती म्हणाली. "मी इथं आलेय हे कुणाला माहीत नाही."

तिनं पोरीला खाली उतरवलं. हातांची बोटं सुजलेली. डोळे मला बघावेसे वाटले नाहीत. मी कापड खोचून तसंच त्यांना मोठ्या इस्पितळात नेलं. दोन दिवसांनी कागद मिळाला. तेच होतं. डॉक्टरीणबाईंनी समजावलं: रोजची गोळी, भरपूर पाणी, महिन्याला येऊन दाखवायचं. आता पोरं जगतात, मोठी होतात, लग्नं करतात. दुफी ऐकत होती. मग तिनं एकच विचारलं, "तेव्हाच सेरवाला आणलं असतं तर?" बाईंनी कागदावर काहीतरी लिहायला घेतलं.

"कागद घेऊन जा घरी," मी बाहेर आल्यावर म्हटलं. "मामांना दाखव. सगळ्यांसमोर वाच."

"दाखवला तर म्हणतील, शहरात तिचीच माणसं आहेत, त्यांनीच लिहिला." तिनं कागदाची घडी करून माझ्या हातात दिली. "इथंच ठेव."

तेव्हापासून दुफी दर महिन्याच्या पहिल्या गुरुवारी येते. घरी सांगते, शहरातल्या मोठ्या प्रार्थनेला नेते. पोकुआ सुधारलीय. गालांवर मांस आलंय, शाळेत जाते. गावात सगळे म्हणतात, बघा, म्हातारी मेली आणि पोरगी उठून उभी राहिली. पांढऱ्या शर्टवाला आपल्या मांडवात पोकुआला उभी करून दाखवतो. दुफी शेजारी उभी राहून आमेन म्हणते.

परवा आली तेव्हा तिचं लक्ष लागत नव्हतं. पाणी प्यायली, परत मागितलं.

"काय झालं?" मी विचारलं.

"मागच्या आठवड्यात पोकुआला ताप आला होता. साधाच, पावसात भिजली होती. दोन दिवसांत उतरला." तिनं पेला खाली ठेवला. "आमच्या मागच्या खोलीत फोद्वोआजी राहते. मामांची बहीण. पंच्याहत्तरची आहे, तिला धड दिसत पण नाही. ताप चढला त्या संध्याकाळी अजेकुम तिच्या दारासमोर स्टूल टाकून बसला. नुसता बसला."

"आणि ती?"

"दोन दिवस बाहेर आली नाही. मी खिडकीतून जेवण देत होते."

पोकुआनं माझ्या रंगांच्या डबीतली पांढरी माती काढून तोंडाला फासली होती आणि आरशात दात दाखवत होती. दुफीनं उठून तिचं तोंड खसाखसा पुसलं, इतकं की पोरगी रडायला लागली.

"पुढच्या महिन्यात गोळ्या दोन महिन्यांच्या मागू या," ती मला म्हणाली. "ताप यायला नको. एकदासुद्धा यायला नको."